कोट कोण बेतायचं?

४ फेब्रुवारी

चि. भावास,

आशीर्वाद लिहायची सवय आहे म्हणून लिहिते. मनात काय आहे ते पुढे कळेलच.

तुझा पत्ता दोरेवाल्याने दिला. त्याच्यावर चिडू नकोस. सवयीने रिळं घेऊन आला होता. मी म्हटलं, बाबा रे, मला आता रिळं कशाला, त्याचा पत्ता असेल तर दे. बिचाऱ्याने खाली मान घालून लिहून दिला. फोन तू उचलत नव्हतास, मग नंबरच बदललास, तेव्हा राहता राहिलं पत्र. अक्षर बघून दचकू नकोस, डाव्या हाताचं आहे. एवढ्या चार ओळी लिहायला जितका वेळ गेला तितक्यात पूर्वी मी दोन्ही बाह्या बेतून मोकळी झाले असते. म्हणून कामाचंच लिहिते.

अपघाताच्या दाव्याचा निकाल लागला. व्हॅन फुटपाथवर चढली ही व्हॅनवाल्याची चूक, हे त्यांनी मान्य केलं. पायाचं हाड जुळलं, म्हणून पायाचं काही धरलं नाही. उजवा अंगठा आणि शेजारची दोन बोटं, त्यांत जाणीव नाही आणि पकड नाही, ते सगळं मिळून बारा टक्के. माझा हात बारा टक्क्यांनीच गेलाय हे मला बावन्नाव्या वर्षी कळलं. आणि धंद्याच्या रकान्यात लिहिलंय 'गृहिणी'. नवरा नाही, पोर नाही, आणि मी गृहिणी! गृहिणीचं घर एवढ्या तेवढ्या अंगठ्यावाचून अडत नाही असा त्यांचा हिशेब. त्या हिशेबाने जे मिळालं त्यातून दवाखान्याची उधारी फिटेल आणि सहा महिने भाडं जाईल. पुढे काय खायचं ते निकालात लिहिलेलं नाही.

मी वरच्या कोर्टात अपील केलंय. वकीलबाई नवीन आहेत, हुशार आहेत, फक्त कोट रेडिमेड घालतात आणि त्याच्या बाह्या दोन बोटं लांब आहेत. त्या कायदा सांगत असतात आणि माझं लक्ष मनगटांवर. त्यांचं म्हणणं, तुम्ही कटर होता हे एकदा सिद्ध झालं की सगळं बदलतं, कारण कटरचा अंगठा गेला म्हणजे कटर गेला. पण त्याला साक्षीदार हवा. दुकान तुझ्या नावावर, पाटी तुझ्या नावाची. कारागीर आपापल्या घरी शिवायचे, त्यांना कापलेले तुकडे तू नेऊन द्यायचास. आतल्या खोलीत कात्री कोण चालवतं हे बाबा, तू आणि मी, तिघांनाच ठाऊक होतं. बाबा गेले.

तेव्हा एकदा ये, आणि एवढंच सांग की कोट ताई बेतायची. एक वाक्य आहे. जायचं यायचं भाडं देईन.

उत्तर पाठव.

ताई


२६ फेब्रुवारी

चि. भावास,

तीन आठवडे झाले. पत्र पोचलं आहे, मी पोस्टात विचारून आले. तू उत्तर देणार नाहीस हेही कळलं. तरी लिहिते, कारण मागच्या पत्रात एक गोष्ट राहिली. राहिली कसली, गाळली.

ती 'गृहिणी' कोर्टाने आपल्या मनाने नाही लिहिली. मीच लिहायला लावली.

समोरच्या विमा कंपनीचे वकील कोण असावेत? आपले ते उंच साहेब. दर दोन-तीन वर्षांनी काळा कोट शिवणारे, बिल न बोलता देणारे. कोर्टाच्या मागच्या गल्लीत दुकान म्हटल्यावर दुसरं काय होणार, निम्मं कोर्ट आपल्या कोटात फिरतंय. मी पिंजऱ्यात उभी. पायात सळई, हात गळ्यात. शपथ घेऊन झाली होती. साहेबांनी इकडचं तिकडचं विचारलं, मग अगदी मायेने विचारलं, "बाई, दुकानात कोट कोण बेतायचं?"

आणि मी म्हणाले, "भाऊ."

विचार करून नाही रे. तोंडातून गेलंच. बत्तीस वर्षं तोच प्रश्न. आधी तेरा वर्षं 'बाबा' म्हणायचं, बाबा गेल्यावर एकोणीस वर्षं 'भाऊ' म्हणायचं. बाईच्या हातचा कोट अंगात घालून कोण वकील उभा राहणार, असं बाबांचं ठाम मत होतं, आणि ते खरं की खोटं हे बघायची आपल्या दोघांत हिंमत नव्हती. तू पडद्याबाहेर माप घेणार, मोठ्याने आकडे सांगणार, मी आत वहीत लिहून घेणार. पडद्याच्या फटीतून माणूस बघायचा, आणि माप जुळत नसलं की खोकायचं. मी खोकले की तू पुन्हा टेप लावायचास. एकदा खोकले तर खांदा, दोनदा खोकले तर पाठ. गिऱ्हाइकांना वाटायचं, आत कोणीतरी म्हातारं अंथरुणाला खिळलंय. औषधंसुद्धा सुचवून जायची माणसं. आणि कोणी पडद्यात डोकावलंच, "कटिंग कोणाचं हो?", की मी चहाचा कप उचलून म्हणायची, "भावाचं." दिवसातून चारदा. शपथ त्या दिवशी सकाळी घेतली होती, सवय बत्तीस वर्षांची होती. जी जुनी ती जिंकली.

आधीचे वकील कपाळावर हात मारून बसले. मी काय बोलले ते मला कळलं जिना उतरताना, तेराव्या-चौदाव्या पायरीवर. त्या पायाने तशीच परत वर चढले. वर दुसऱ्याच कोणाची तरी केस चालू झाली होती. शिपाई म्हणाला, "बाई, तुमचं झालं."

म्हणून तू हवास. मी माझ्याच तोंडाने स्वतःला खोडलंय, आता मी काहीही सांगितलं तरी पैशासाठी फिरली म्हणणार. खोटं दोघांनी मिळून उभं केलं, तर ते पाडायलाही दोघं लागणार.

ताई


१८ मार्च

पाकीट मिळालं. आत नोटा, चिठ्ठीचा तुकडासुद्धा नाही. वा!

मी साक्ष मागितली होती, भीक नाही. पैसे परत पाठवते आहे. एक नोट ठेवून घेतली, औषध संपलं होतं. खोटं कशाला बोलू.

तू पैसे पाठवून मोकळा होतोस, तसाच त्या सकाळी मोकळा झाला होतास. दुकानामागच्याच खोलीत मी प्लास्टरमध्ये पडलेली. तू बाहेरच्या बाहेर गिऱ्हाइकांना हो हो म्हणत ऑर्डरी घेत होतास, मला एका शब्दाने सांगितलं नाहीस. मला काय, वाटलं दुकान बंद आहे. मग एक दिवस कात्रीचा आवाज आला. पडल्या पडल्या ऐकला मी तो. कात्री थांबत थांबत चालली होती. तीन कोट कापलेस, तिन्ही वाया. लोक दारात भांडायला आले, त्यांचं कापड भरून दिलंस, आणि दुसऱ्या दिवशी उशाशी किल्ल्या ठेवून गेलास. शेजारणीने मला पाणी दिलं त्या दिवशी, एवढं लक्षात असू दे.

कोट बिघडले याचा राग नाही. कापड बिघडतं, भरून देता येतं. मला न उठवता गेलास याचा राग आहे.

ताई


९ एप्रिल

चि. भावास,

काल दोरेवाला येऊन बसला होता. त्याच्या पोटात काही राहत नाही हे तुला माहीत आहेच. तुझं सगळं सांगितलं. रेडिमेडच्या कारखान्यात कटिंग मास्तर झालास म्हणे. मालकाने तुझ्या अंगातला कोट पाहिला, विचारलं, हा कोणी बेतला, तू म्हणालास, मी. झालं, नोकरी पक्की. आणि तिथे कापतं मशीन, मास्तरने नुसतं कडेला उभं राहून ओरडायचं! मी इतकी हसले की दोरेवाला घाबरला. असली नोकरी जगात निघावी आणि ती नेमकी तुलाच मिळावी.

तो गेल्यावर हसू गेलं. तू इथे येऊन ते एक वाक्य बोललास तर ते तिथे पोचायला किती वेळ लागेल? दोरेवाल्याला कळलं म्हणजे साऱ्या बाजाराला कळलं. मी आपलं 'एक वाक्य आहे' असं लिहून टाकलं, तुला ते केवढ्याला पडेल याचा विचारच केला नाही. किंवा केला आणि गाळला. माझी ती सवय आता तुझ्याही लक्षात आली असेल.

कालपासून मला ते दोन डावे 'पुढे', कोटाचे समोरचे भाग, आठवताहेत. तू चौदा वर्षांचा होतास. बाबांनी पहिल्यांदा चांगलं लोकरीचं कापड तुझ्यापुढे टाकलं आणि म्हणाले, काप. कापड उलटं घालायचं विसरलास आणि कोटाचे दोन्ही पुढे डाव्या बाजूचेच कापलेस. शिकाऊ माणसाकडून हमखास होतं ते, माझ्याकडूनही झालंय, फक्त माझं कोणी बघत नव्हतं. बाबांनी तुला मारलं असतं तर बरं झालं असतं. त्यांनी ते दोन डावे पुढे दुकानात खिळ्याला टांगले आणि वर्षभर टांगून ठेवले. येणारा जाणारा विचारायचा, हे काय हो? बाबा तुझ्याकडे बोट दाखवायचे. तुझा हात तेव्हापासून कात्री धरली की थरथरतो. लोकांना माहीत नाही, मला माहीत आहे.

त्याच वर्षी मी बाबा जेवायला गेले की कापायला लागले. तुझं राहिलेलं काम उरकायला, दुसरं काही मनात नव्हतं. एक दिवस बाबा लवकर आले. दारात उभं राहून त्यांनी माझा सगळा पुढा कापून होईपर्यंत पाहिलं. मला वाटलं, आता कानाखाली बसणार. बसली नाही. दुसऱ्या दिवशी बाजारातून जाड कापड आणून त्यांनी मधे पडदा लावला.

मला पडदा मिळाला आणि तुला पाटी मिळाली. कोणाला जास्त जड गेलं ते आता कोणी सांगावं. मी निदान आत बसून माझं आवडतं काम करत होते. तू बाहेर उभा राहून रोज दुसऱ्याची शाबासकी घेत होतास, आणि कोणी "मास्तर, काय हात आहे तुमचा" म्हटलं की तू हात खिशात घालायचास. मी फटीतून बघायचे ते.

तेव्हा नको येऊस. दमले रे मी. कागद गोळा करून दमले, जिने चढून दमले, स्वतःचा हात टेबलावर ठेवून 'इथे लागतं का, इथे लागतं का' याला उत्तरं देऊन दमले. त्यात तुझी मास्तरकी घालवल्याचं ओझं नको. बारा टक्के तर बारा टक्के.

कोर्टाने साक्षीदार आणायची परवानगी दिली आहे. सहा जून, सकाळी अकरा, दुसरा मजला. नुसतं माहीत असावं म्हणून लिहिलं.

ताई


७ जून

चि. भावास,

काल तू आलास. मला वाटलं होतं, वकीलबाईंना सांगावं लागणार की आमचा साक्षीदार नाही. वर पोचले तर तू बाकाच्या टोकाला, मांडीवर पिशवी घेऊन. केस किती पांढरे झाले रे तुझे. तू माझ्याकडे पाहिलंस, मग माझ्या हाताकडे पाहिलंस, मग खिडकीबाहेर पाहत राहिलास तो नाव पुकारेपर्यंत. मीही दुसऱ्या टोकाला बसले. मधे कोणाची तरी छत्री होती.

तू सगळं पुढून पाहिलंस, मी मागून पाहिलं, म्हणून लिहिते. तुला कळायला हवं.

वकीलबाईंनी विचारलं, "दुकानात कोट कोण बेतायचं?" पंखा फिरतोय. तुझे ओठ 'मी' म्हणायला मिटले होते, तू मान वळवलीस तेव्हा मला बाजूने दिसले. म्हटलं, संपलं, याचीही सवय जिंकणार. आणि तू म्हणालास, "ताई."

न्यायाधीश म्हणाले, "कोण ताई? नीट सांगा." तू वळलास आणि माझ्याकडे बोट दाखवलंस. "ही. ही बसली आहे ती."

मग उंच साहेब उठले. "म्हणजे तुम्ही एकोणीस वर्षं लोकांना खोटं सांगत होता?"

"हो."

"मलाही?"

"तुम्हाला सात वेळा. सात कोट झाले तुमचे."

लोक हसले. तू हसला नाहीस. साहेब म्हणाले, "मग तुम्ही काय करायचात?" तू म्हणालास, "माप घ्यायचो आणि बोलायचो." ते म्हणाले, इतकी वर्षं खोटं बोललेला माणूस आज बहिणीच्या पैशासाठी खोटं बोलत नाही कशावरून? मला वाटलं तू आता ढेपाळणार. तुझी मान खाली गेलीच होती. पण तू साहेबांकडे वर बघितलंस, माप घेताना बघायचास तसं, आणि म्हणालास, "साहेब, तुमचा उजवा खांदा खाली आहे. मी सातही वेळा दोन्ही खांदे सारखे घेतले. मला कधी दिसलंच नाही. आतून खोकला यायचा, मी पुन्हा टेप लावायचो, पुन्हा सारखेच. तुम्ही एकदा विचारलंत, आत कोण आजारी आहे? ती ही. तिने उजव्या खांद्यात अस्तराखाली जास्तीची पट्टी घातली. आज अंगावर आहे त्याही कोटात आहे. हात लावून बघा."

साहेबांचा हात आपोआप खांद्यावर गेला. मी पाहिलं. मग त्यांनी तो खाली घेतला, कागद उलटसुलट केले आणि म्हणाले, आणखी प्रश्न नाहीत.

तू सही केलीस आणि जिन्याने निघून गेलास. मी हाक मारली नाही. मारायला हवी होती. हाक मारली असती तर पुन्हा खोकलाच आला असता. वकीलबाईंनी माझे डोळे पुसले, त्यांच्या लांब बाह्यांचा पहिल्यांदा कोणाला तरी उपयोग झाला.

तुझी परतीची गाडी चारची होती ना? तीन तास तू कुठे काढलेस? घर मागच्याच गल्लीत होतं.

ताई


११ ऑक्टोबर

चि. भावास,

निकाल लागला. आधी आकडा सांगते म्हणजे तू मधलं सोडून शेवट बघणार नाहीस. बारा टक्क्यांचे अठरा झाले. नव्या डॉक्टरांनी दाखला नीट दिला म्हणून. थोडे पैसे वाढले, वर्षभराचं भाडं निघेल.

धंद्याच्या रकान्यात गृहिणीच आहे.

तुझ्याबद्दल एक अख्खा परिच्छेद आहे. वकीलबाई तो गाळून वाचत होत्या, मी कागदच हिसकावून घेतला. गाळणं मला शिकवू नये कोणी. त्यात लिहिलंय की साक्षीदाराने एकोणीस वर्षं ग्राहकांना खोटं सांगितल्याचं स्वतःच कबूल केलं आहे, तो अर्जदाराचा भाऊ आहे, त्यामुळे त्याच्या शब्दावर विसंबता येत नाही. खांद्याच्या पट्टीचं लिहिलंय की ती पट्टी कोटात असेलही, पण ती कोणी घातली हे पट्टीवरून कळत नाही. आणि खाली माझ्याबद्दल, की अर्जदाराने पूर्वी शपथेवर याच्या उलट सांगितलं आहे. म्हणजे मी शपथेवर खोटं बोलले ते खरं धरलं, आणि तू खरं बोललास ते खोटं. मी तीनदा वाचलं. चूक काढता येईना. त्यांच्या जागी मी असते तरी हेच लिहिलं असतं. आपण दोघांनी ते खोटं इतकं बारीक शिवलं होतं की आता उसवायला जागा सापडत नाही.

वकीलबाई म्हणतात, याच्याही वर जाता येतं. मी विचारलं, तिथे किती जिने आहेत? त्या हसल्या. मी हसण्यासाठी विचारलं नव्हतं.

दोरेवाला म्हणाला की तू परत गेल्यावर त्याच दिवशी मालकाला सगळं सांगितलंस. कोणी विचारायच्या आधी. आता शर्टांच्या घड्या घालतोस आणि पुठ्ठे लावतोस. पगार निम्मा. त्या साक्षीने मला काही मिळालं नाही, आणि तुझं मात्र होतं नव्हतं ते गेलं. हे ऐकल्यापासून मला जेवण जात नाही. रागाचं म्हणशील तर तो सहा जूनलाच गेला, तू बोट दाखवलंस तेव्हा. बत्तीस वर्षांत कोणी माझ्याकडे बोट दाखवून 'ही' म्हटलं नव्हतं. बाबांनीही नाही. त्या खोलीत तीसएक माणसं होती, सगळ्यांनी वळून पाहिलं, आणि मला पदर सावरायचंही भान राहिलं नाही. कोर्टाने मानलं नाही तर नाही मानलं. मला हवं ते ऐकून झालंय.

आता कालचं सांगते.

संध्याकाळी दुकानाचं दार उघडं टाकून मी हवेला बसले होते. उंच साहेब आले. हातात पिशवी. नमस्कार केला, इकडचं तिकडचं बोलले, हात कसा आहे विचारलं, आणि मग पिशवीतून एक नवा काळा कोट काढला. आपलं दुकान बंद झाल्यावर दुसरीकडे शिवून घेतला होता. दोनदा दुरुस्त करून झाला, तरी बसत नाही. म्हणाले, "बाई, कुठे चुकलंय तेवढं सांगा. तुमच्याशिवाय कोणाला कळणार नाही."

मी म्हटलं, "साहेब, मी गृहिणी आहे."

ते लालबुंद झाले. म्हणाले, ते कोर्टातलं होतं. मी म्हटलं, मीही कोर्टातलंच सांगते आहे. ते दारातच उभे. एवढा मोठा माणूस, पण आत या असं मी म्हटलं नाही. शेवटी कोट तसाच दाराशीच्या टेबलावर ठेवून गेले. पायरी उतरताना म्हणाले, "जमलं तर बघा. घाई नाही."

कुठे चुकलंय ते मला त्यांनी पिशवीतून काढतानाच दिसलं होतं. कॉलरपासून उसवावा लागेल. मला ते जमणार नाही, टाके उसवायलाही अंगठा लागतो. पण तुला जमेल. उसवण्यात हात थरथरला तरी काही बिघडत नाही. मी शेजारी बसून सांगेन, कुठे थांबायचं, कुठे किती सोडायचं. कात्रीला हात लावायचा नाही, न तू, न मी. तिथे निम्म्या पगारात परक्यांच्या शर्टांच्या घड्या घालतोस, त्यापेक्षा इथे ये. दोन माणसांचं जेवण निघेल इतकं उसवणं-शिवणं या गल्लीत नक्की आहे.

कोट टेबलावर आहे. साहेबांना मी अजून पावती दिलेली नाही. तू आलास की तू लिही, तुझं अक्षर बरं आहे. नाव माझं घाल.

ताई